रोमची कुमक

“तो राजीनामा लिहून टाका एकदाचा,” अर्जिया नवऱ्याला म्हणाली. “जिवापेक्षा खुर्ची मोठी झाली का हो?”

“लोकांनी निवडून दिलंय मला,” ओलिंदो म्हणाला. “काळे सदरे घातले म्हणून ही कालची पोरं मला उठवणार? रोमला तार केलीय मी. सैनिक येतील.”

“आलं मोठं तुमचं रोम! सरकारावर सरकार पडतंय, एकाला तरी धड निर्णय घेता आला?”

नगराध्यक्ष ओलिंदोच्या दारासमोर फॅसिस्टांचे काळे सदरेवाले सकाळपासून दंडुके घेऊन उभे होते. शेजारच्या गावच्या नगराध्यक्षाला त्यांनी बाटलीभर एरंडेल पाजलं होतं. बिचारा अजून अंथरुणातून उठला नव्हता. अर्जियाचा जीव टांगणीला लागला होता. तरी चिडचिड करत का होईना, तिने नवऱ्याच्या गळ्याभोवती मफलर नीट गुंडाळला.

दुपारी बूट वाजले. खिडकीतून बघते तर काय, सैनिक! बाईला रडूच फुटलं.

सार्जंट दक्षिणेकडचा, कोवळा पोरगा होता. आल्या आल्या त्याने टोपी काढली. तिने त्याला चुलीपाशी बसवलं, घेवड्याचं गरम सूप वाढलं.

“साहेब, तुम्हीही जेवून घ्या,” तो ओलिंदोला म्हणाला. “सावकाश. घाई नाही.”

“बघा, परक्याच्या पोराला कळतं!” अर्जिया म्हणाली.

“औषध वगैरे काही चालू आहे यांना?”

“छातीचं. मी आठवण केली तरच घेतात.”

“बाटली जवळ असू द्या त्यांच्या.”

किती गुणाचं पोर! तिने त्याला आणखी पाव दिला. “आईला पत्र लिहितोस ना रे?”

“लिहितो, मावशी.”

“आणि हुकूम रीतसर आलाय ना? नाहीतर उद्या तुलाच त्रास.”

“आलाय. रोममध्ये नवं सरकार बसलंय.”

“बाई गं! बरं झालं. जुनं नुसतं शेपूट घालून बसलं होतं. ऐकलंत का हो? मीच मेली उगाच तुमच्यामागे लागले होते.” तिने नवऱ्याच्या कपाळाचा मुका घेतला. ओलिंदो लाजला. तिचा हात त्याने बराच वेळ सोडला नाही.

सार्जंट खाली मान घालून जेवत होता.

“आता त्या बाहेरच्यांना हाकल बाबा,” अर्जिया म्हणाली.

तो उठला. “मावशी, बाहेर उभे आहेत ना, तेच आता सरकार. तुम्ही जरा आतल्या खोलीत जाता का? साहेबांना बेड्या घालायच्यात, तुमच्यासमोर मला जमायचं नाही.”