कर्नलबाईंची चिठ्ठी

पेरू देशातल्या लिमाच्या लष्करी रुग्णालयात कर्नल डॉक्टर निल्दा वामानीपुढे भलेभले जनरल सदरा काढून गुमान उभे राहत. तीस वर्षांत तिनं निम्म्या फौजेच्या कॅन्सरच्या गाठी काढल्या, पण सख्ख्या आईच्या काखेतल्या गाठीला हात लावायची सोय नव्हती.

"चल गं! साधा बटाटा सोलता येत नाही, नि म्हणे मला कापणार! मी आपली सातुर्नीनो वैदूकडे जाते. त्याचा गिनीपिग अंगावरून फिरवला, की आतलं सगळं अचूक कळतं."

शेवटी निल्दा गणवेशातच टेकडी चढून वैदूच्या दारात गेली. "वैदूबाबा, तेवढं गिनीपिगच्या तोंडून तिला लष्करी रुग्णालयात धाडा ना!"

वैदूनं शब्द पाळला. आई दुसऱ्याच दिवशी आली. गाठ निघाली, तीही निव्वळ चरबीची.

"बघितलंस? गिनीपिग कधी चुकत नाही," टाके घालून होईपर्यंत आईनं चारदा ऐकवलं.

आठवड्यानं वैदू टोपी हातात धरून हजर. डोंगरातल्या माणसांत कामाची फेड कामानंच होते.

"कर्नलबाई, आता माझी नड भागवा. परवाच्या भूकंपापासून आमच्या म्हातारीनं धसका घेतलाय. गिनीपिग फिरवला की उतरेल. पण पोटच्या पोरावर तिचा काडीचा विश्वास नाही. म्हणते, डॉक्टरचा शिक्क्याचा कागद आण!"

निल्दानं चिठ्ठी लिहिली आणि खाली लष्कराचा शिक्का हाणला:



"काळा गिनीपिग, एक. सकाळी उपाशीपोटी, डोक्यापासून पायापर्यंत. मुलाच्याच हातून."