दोनातोचा बुधला

चेंडू जाळ्यात गेला तेव्हा सगळ्यांत मोठा धक्का विल्मारलाच बसला. त्याने तो मारलाच नव्हता. कॉर्नरवरून आलेला चेंडू चुकवायला तो वळला आणि चेंडू त्याच्या पाठीवर आपटून आत गेला. तीन-शून्यचं तीन-एक झालं. सामना कधीच हातचा गेला होता, त्यामुळे त्याच्या संघाला या गोलचा काडीचाही उपयोग नव्हता.

तरी विल्मारने लगेच दोन्ही हात वर केले, मान खाली घातली आणि प्रेक्षकांची माफी मागितली. जुन्या क्लबविरुद्ध गोल केला तर नाचायचं नाही, माफी मागायची, हा फुटबॉलवाल्यांचा रिवाज. सकाळी हॉटेलच्या आरशासमोर त्याने याची तालीमसुद्धा केली होती. त्याची बायको नोएलिया पलंगावर बसून, कडू पाल्याचा काढा नळीने ओढत ती तालीम बघत होती.

"माफी झकास जमली," ती म्हणाली. "आता गोलचं काय करतोस?"

तिचं काही चुकलं नव्हतं. उरुग्वेहून विल्मार पहिल्यांदा युरोपात उतरला तो इथेच, मोंतेकायोत. इटलीच्या डोंगरावरच्या या एवढ्याशा गावात. तेव्हा वर्तमानपत्राने त्याला 'बैल' म्हटलं होतं आणि दोन हंगाम तो मैदानात बैलासारखाच उभा राहिला. त्याने खांबावर चेंडू मारले, खांबावरून मारले, एकदा तर मोकळ्या जाळ्यासमोर स्वतःच्याच पायात पाय अडकून आडवा झाला. गोल मात्र एकही केला नाही.

मैदानाच्या फाटकासमोर दोनातोची खाणावळ होती. विल्मार आला त्याच दिवशी दोनातोने वाइनचा भला मोठा बुधला फळीवर चढवला, त्यावर खडूने विल्मारचं नाव लिहिलं आणि जाहीर करून टाकलं, "हा पोरगा या मैदानात पहिला गोल करेल, त्या दिवशी हा बुधला गावाला फुकट!" पहिला महिनाभर गावाने घसा कोरडा ठेवून वाट पाहिली. मग लोक हसायला लागले. विल्मारच्या उरुग्वेकडच्या काढ्याच्या पेल्यात वाकून बघायचे आणि म्हणायचे, "अरे, हा गवत पितो. याच्या पायात जोर येणार कुठून?"

हसायचे आणि जेवूही घालायचे. गल्लीतल्या म्हाताऱ्या त्याच्या दाराशी गरम लझान्याचं ताट ठेवून जायच्या. विल्मारला हसण्यापेक्षा ती ताटंच जास्त मनाला लागायची. ज्यांचं अन्न खाल्लं त्यांना एक गोल देता आला नाही. करार संपला तेव्हा कुणाचाही निरोप न घेता तो सकाळच्या पहिल्या बसने निघून गेला.

पुढे सायप्रस झालं, बल्गेरिया झालं, बेल्जियम झालं. तिथे गोल झाले, पोटापुरते. त्यातला प्रत्येक गोल त्याला इथे हवा होता. आता अकरा वर्षांनी, बहुधा शेवटच्या हंगामात, तो पाहुण्या संघातला राखीव खेळाडू म्हणून इथे परतला होता. फाटकाशी बस थांबली तेव्हा त्याने टोपी डोळ्यांवर ओढून घेतली. तरी बुधला दिसलाच. त्याच फळीवर, नावासकट. वर धूळसुद्धा नव्हती. आपली फजिती या लोकांनी कशी झाडूनपुसून ठेवली आहे, त्याला वाटलं. या गावाने एकदा माफ करावं, ते नाव पुसून टाकावं, बाकी त्याला काही नको होतं.

आणि आता तो हात वर करून उभा होता. मग कोपऱ्यातून कुणीतरी त्याच्या नावाने ओरडलं, आणि बघता बघता सगळे उभे राहिले. खेळ अजून संपला नव्हता, तरी लोक धडाधड पायऱ्या उतरू लागले. आपल्याला बदडायलाच येतायत अशी विल्मारची खात्री झाली. तो हळूच रेफरीच्या मागे सरकला. पण लोक फाटकातून बाहेर पळत होते. कुंपणापाशी एकटा दोनातो उरला होता. केस पांढरे झालेले, आवाज तोच.

"हात खाली घे, गाढवा! बोली या मैदानाची होती. अंगात जर्सी कुणाची, ते कुठं ठरलं होतं?"

सामना संपल्यावर खाणावळीत पाय ठेवायला जागा नव्हती. नोएलिया आधीच जागा पटकावून बसली होती. दोनातोने बुधला उघडला आणि पहिला पेला विल्मारच्या हातात दिला.

विल्मारने पेला उजेडात धरला. "तेरा वर्षांची," तो म्हणाला. "म्हणजे माझ्यासारखीच. वेळेवर संपवायला हवी होती."

खाणावळ खो खो हसली. त्याने डोळे मिटले आणि आंबट घोट गिळायची तयारी केली. घोट घेतला, आणि डोळे उघडले. वाइन ताजी होती. यंदाच्या द्राक्षांची.

तो नुसता दोनातोकडे बघत राहिला.

"बघतोस काय?" दोनातो पेले भरत म्हणाला. "दर वर्षी द्राक्षं निघाली की जुनी आम्ही पिऊन टाकतो, नवी भरतो, तुझं नाव पुन्हा लिहितो. तू कधी गोल करशील, याचा काय नेम?"