लेकीचा निळा कप
नट झाला म्हणून काय, बेटावरची रीतही विसरायची? ओडेसा आत्या काठी आपटत कबरस्तानात फिरत होती. अमेरिकेतल्या कॅरोलायनाच्या किनाऱ्यालगतच्या बेटावरचं हे काळ्यांचं कबरस्तान हॉटेलवाल्यांच्या घशातून तिच्या या नट भाच्यानंच सोडवलं होतं, मोर्चे काढून, तुरुंगात बसून. त्याच लढ्यावर तो सिनेमा काढत होता. कॅमेऱ्यात देखणं दिसावं म्हणून त्यानं झाडलोट सांगितली, आणि बाहेरून आलेल्या माणसांनी कबरींवरची फुटकी भांडी कचरा समजून समुद्रात फेकली. इथे कबरीवर दगड नसतो. मेलेल्यानं ज्यातून शेवटचं पाणी प्यायलं तो कप फोडून ठेवतात, तीच खूण. लेकीच्या निळ्या कपाशेजारी बसून आत्या दर रविवारी तिच्याशी बोलायची. आता सगळीकडे सारखीच वाळू. “आत्या, मी संगमरवर बसवतो,” भाचा रडवेला झाला. “बसव की! सांग, कुठे बसवशील? कबरस्तान वाचवलंस रे बाबा, आणि माझी लेक हरवलीस.”