यादीतलं दहावं पुस्तक

"दहावं आलं का हो, बाई?"

खिडकीवाल्या काकांनी वाचून झालेलं नववं पुस्तक टेबलावर ठेवत विचारलं. दोन महिने ग्रंथपालबाई याच प्रश्नाला भीत होत्या.

सगळं त्या यादीपायी झालं. वाचनालयाच्या दारातल्या फळ्यावर बाई दर तीन महिन्यांनी दहा पुस्तकांची यादी लिहायच्या. पाच जुनी, पाच नवी, आणि प्रत्येकापुढे स्वतःच्या दोन ओळी. या खेपेला पणजोबांच्या काळातली एक रहस्यकथा होती, मुंग्यांवरचं जाडजूड पुस्तक होतं, एका खानसाम्याच्या आठवणी होत्या, विशीतल्या मुलीने चित्रांतून सांगितलेली कादंबरी होती. सगळी बाईंनी खरोखर वाचलेली.

घोडं अडलं ते दहाव्याला. ठरवलेलं पुस्तक कपाटात सापडेना. मग आठवलं, ते मागच्या साफसफाईत आपणच बाद केलं. वर्षानुवर्षं कुणी न नेलेली पुस्तकं काढायची, शिक्का मारून कारण लिहायचं, सही करायची आणि दाराबाहेरच्या खोक्यात टाकायची, हवं त्याने न्यावं. हे काम नोकरीला लागल्यापासून बाईंकडेच होतं. शेकडो गेली असतील. कोण लक्षात ठेवतो?

वाचनालयाचे चिटणीस यादीसाठी डोक्यावर उभे होते. बाईंनी खडू उचलला आणि दिलं ठोकून: 'दीपगृहावरचे बारा हिवाळे. एकट्या माणसाचं शांत पुस्तक. मी दोनदा वाचलं.' नाव कुठून सुचलं देव जाणे. असलं पुस्तक कुणी मागत नाही, एवढं मात्र त्यांना अनुभवाने माहीत होतं.

आणि नेमकं ते मागितलं काकांनी. तोवर हा माणूस रोज येऊन खिडकीशी बसायचा, वर्तमानपत्र चाळायचा, लांब कुठेतरी बघत राहायचा. पुस्तकाला म्हणून हात लावत नसे. त्या दिवशी फळ्यासमोर बराच वेळ उभा राहिला. दहाव्या पुस्तकापुढच्या ओळी एका कागदावर उतरवून घेतल्या, कागद खिशात ठेवला आणि आत येऊन विचारलं, "बारा की तेरा, बाई?"

"बाराच," बाई ठसक्यात म्हणाल्या.

"असेल, असेल," काका हसले. "आधी वरची नऊ वाचतो. तुमची निवड काय आहे ते तरी कळेल."

आणि खरंच वाचली की नऊच्या नऊ! "मुंग्यांनी तर वेड लावलं," ते आता सांगत होते. "आणि त्या पोरीची चित्रं! सत्तरी उलटल्यावर तुम्ही मला वाचक केलंत. आता दहावं द्या."

बाईंना मान वर करवेना. "ते... बाहेर गेलंय."

"कुणीतरी नेलंय?" काकांचे डोळे चमकले.

"हो. शिवाय तिघांनी नंबर लावलाय." रांग ऐकून तरी नाद सोडतील, असा बाईंचा हिशेब.

"तिघांनी! मग वाचू दे की सावकाश. मला कसली घाई?"

त्यानंतर दर मंगळवारी चौकशी सुरू झाली. सध्या कुणाकडे आहे? एका नर्सबाईंकडे. काय म्हणाल्या? रडल्या म्हणे एका ठिकाणी.

"शेवटाकडे?"

"हो, शेवटाकडेच."

काकांनी हळूच मान हलवली. त्या दिवशी ते वर्तमानपत्र न उघडताच घरी गेले. इतक्या भल्या माणसाला आपण थापा मारतो आहोत, या विचाराने बाईंना जेवण गोड लागेना. बहिणीला फोनवर सांगितलं, तर ती खो खो हसली. "मग तूच लिहून दे ना एखादं! नाहीतर सांगून टाक बाई सरळ. खाणार आहेत का ते तुला?"

पुढच्या मंगळवारी काका कडक इस्त्रीचा शर्ट घालून आले. हातात खाकी कागदात बांधलेलं काहीतरी होतं.

"बाई, आज मी तुमच्यासाठी..."

"थांबा काका. आधी मला बोलू द्या, नाहीतर पुन्हा धीर व्हायचा नाही." बाईंनी टेबलाची कड घट्ट धरली. "असं पुस्तकच नाहीये. फळा भरायला मी मनानेच नाव लिहिलं."

काकांनी हातातलं पुडकं टेबलावर ठेवलं.

"आणि त्या नर्सबाई?"

"नाहीत."

"ते तिघं?"

"कुणीच नाही, काका."

"पण तुम्ही दोनदा वाचलं होतं ना?"

"खोटं होतं ते. मला माफ करा. लाजेने मेल्यासारखं झालंय."

काकांनी खिशातून तो कागद काढला. एकदा वाचला, घडी केली आणि टेबलावर ठेवला. "चालायचंच," ते म्हणाले. "नाव मात्र छान सुचलं तुम्हाला."

ते खिडकीकडे गेले नाहीत, दाराकडे वळले. बाईंना एकदम हलकं वाटलं. सुटले बाई एकदाची!

"काका, तुमचं पुडकं राहिलं!"

"राहू दे," काका मागे न बघता म्हणाले. "रांग मोठी आहे म्हणालात, म्हणून आणलं होतं."

बाईंनी दोरा सोडला. आत ओल लागून फुगलेलं एक पातळ पुस्तक होतं, 'दीपगृहावरचे तेरा हिवाळे'. पहिल्या पानावर याच वाचनालयाचा 'बाद' असा शिक्का होता. खाली कारण लिहिलं होतं, 'एकाही वाचकाने नेले नाही', आणि त्याखाली सही. नोकरीच्या पहिल्या वर्षातली, मोठी, वळणदार, त्यांचीच.

त्यांनी पुस्तक उलटं केलं. मागच्या पुठ्ठ्यावर लेखकाचा फोटो होता. काळ्याभोर केसांचे काका, खिडकीशी बसून लांब कुठेतरी बघत होते.