खिडकीखालची काकडी

आईच्या खोलीच्या खिडकीखाली भावाने लावलेली काकडी बघून ताई जागीच थबकली. वेल चढवला होता तो आईच्या वॉकरवर. आईच्या तळव्यांनी काळवंडलेल्या त्याच्या मुठींना आता वेलाचे कोवळे तंतू वेटोळे घालून बसले होते.

"घेवड्याला नुसती सुतळी पुरते, ताई. काकडीला मात्र वजन पेलणारं काहीतरी हवं," भाऊ कौतुकाने सांगत होता. "बांबू दोनदा आडवे झाले. हा आपला घरात पडूनच होता."

"अरे, डॉक्टरांनी तिला रोज चालवायला सांगितलंय ना?"

"तिलाच कंटाळा येतो गं. ते सोड, बघ तरी किती धरल्यात. घेऊन जा दोन."

त्याने पुढे केलेल्या काकड्या बघून ताईला शिसारी आली. हातही न लावता ती तरातरा आत गेली आणि आईच्या उशाशी टेकली.

"आजच्या आज तो वेल उपटते आणि तुझा वॉकर आत आणते. महिनाभर तुला अंथरुणात टाकून हा काकड्या पिकवतोय. याला जनाची नाही, निदान मनाची तरी?"

"त्याला बोलू नकोस," आई हळूच म्हणाली. "मीच दिला त्याला."

"तू? का गं?"

"माझ्याकडे यायला त्याला सवड होत नाही." आईने खिडकीकडे मान वळवली. "वेलाला पाणी घालायला मात्र सकाळ-संध्याकाळ येतो."