फायनलची वायर

सुवा बंदरातून दोनशे उतारूंसह निघालेलं आमचं जहाज प्रवाळाच्या खडकावर आदळलं आणि पुढचा कप्पा पाण्यानं भरला. त्यामागची पोलादी आडभिंत भक्कम होती. एका कप्प्यातलं पाणी दुसऱ्यात जाऊ नये म्हणूनच ती असते. पण तिच्यात बोटाएवढं भोक होतं, त्यातून पिचकारी उडत होती. वाइसाके मिस्त्री भटारखान्यातला कसाव्याचा कंद तासून, भोकात ठोकून, वर तळवा दाबून बसला. कप्तान खाली आला. “भोक कुणी पाडलं?” “मीच. टीव्हीची वायर न्यायला. रग्बीची फायनल होती.” “अरे, केबिनच्या फळ्यांना हवी तेवढी भोकं पाड! ही पाणी अडवायची भिंत!” वाइसाकेनं मान खाली घातली. “उतरल्यावर मला काढून टाका, साहेब.” कप्तानानं शेजारी बसून त्याच्या हातावर हात दाबला. “पहिल्या खुर्चीत बसून मॅच बघितली मी. वायर कुठून आली, विचारलं नाही.”