घुसडलेला महिना

अधिक महिना लागला, तशा हट्ट्याच्या अनुसयाबाई उन्हाच्या काहिलीत चुलीपुढं बसल्या. अनारसे तळले, पुरणाचे धोंडे केले. जावयाला यंदा वाणासोबत सोन्याची अंगठी द्यायची ठरली होती.

जावई विश्वंभर हिंगोलीच्या कॉलेजात इतिहास शिकवायचा. तोंडातला अनारसा संपायच्या आत त्यानं मध्ययुगातली कालगणना काढली.

"मामी, तेव्हा देवळाच्या शिलालेखात शके लिहायचे आणि सुलतानाच्या फर्मानात हिजरी. हिजरी साल बारा चांदांचं, एकदम चोख. आपल्या शकात मात्र ऋतूंशी मेळ बसावा म्हणून दर तीनेक वर्षांनी एक महिना मधेच घुसडलेला. तोच हा तुमचा धोंडा."

"अन् हिजरीत धोंडा येतच न्हाई?"

"नावालासुद्धा नाही. मला विचाराल तर खरं साल तेच."

अनुसयाबाईंनी मान डोलावली. शिकलेल्या माणसाचा शब्द मोडायचा कसा?



"ऐकलं का," त्यांनी ओसरीवरच्या नवऱ्याला हाक मारली, "ती अंगठी कपाटातच राहू द्या. जावईबापू औंदा हिजरी साल धरून राहिले."